पुठ्ठ्याखालचा गोलकीपर

श्रीरंगकाका चहा बशीत ओतून पीत. फुटबॉलची मॅच आवाज बंद करून बघत. पंचामुळे हरलो असं कुणी म्हणालं की चॅनेल बदलत. मला 'साहित्यवाली' म्हणत. कुठलाही ग्रुप फोटो हाती आला की आधी डोकी मोजत, मग चेहरे बघत.

मागच्या शनिवारी ते गेले. खाली दुकानात जाऊन येत होते, जिन्यातच बसले, आणि संपलं. शर्टाच्या खिशात नवं ब्लेड होतं.

लक्ष्मीबाई नगरच्या त्यांच्या सरकारी क्वार्टरमध्ये बाहेरच्या खोलीत एक फोटो होता. पुण्यातल्या एका कॉलेजचा फुटबॉल संघ, १९१२. सगळे अनवाणी. मधोमध कॅप्टन, म्हणजे काकांचे आजोबा, पायाशी बॉल. त्या मोसमात संघ एकही सामना न हरता फायनलला पोचला. समोर गोऱ्यांची पलटण. गोऱ्या पंचाने दगा दिला आणि आपण हरलो. ही घरची गोष्ट. फोटोत दहाच जण होते. अकरावा आजारी होता, हीसुद्धा घरचीच गोष्ट.

आमच्या इथल्या मराठी मंडळाने जुन्या वस्तूंचं प्रदर्शन ठरवलं. काका फोटो देणार होते. काच तडकलेली, म्हणून त्यांनी स्वतः फ्रेम उघडली. फोटोभोवतीचा, मधे खिडकी कापलेला काळा पुठ्ठा काढला, आणि उजव्या कडेला अकरावा निघाला. गोलकीपर. सगळ्यांपासून हातभर अंतर सोडून उभा.

ते जाण्याआधीच्या रविवारी मी गेले तेव्हा फोटो टेबलावर होता.

"मोज," काका म्हणाले.

"अकरा."

"आता ऐक. आजोबा आम्हा पोरांना एक गोष्ट सांगायचे. हाफटाइमला लिंबाच्या फोडींची बशी फिरायची. गोलकीपर महार. त्याच्या ओंजळीत कॉलेजचा शिपाई वरून फोड टाकायचा. फायनलला कॉलेजच्या गोऱ्या प्रोफेसरने बशी स्वतःच फिरवली, त्याच्यापासून सुरुवात केली. त्याने फोड उचलली. आजोबांनी बशी उडवली आणि मैदान सोडलं. उरलेले दहा जण हरले."

"त्यांनी स्वतः सांगितलं?"

"अभिमानाने. आम्ही हसायचो. ते गेल्यावर घरात ही गोष्ट कुणी काढली नाही. मग गोष्टीत पंच आला."

"त्याचं नाव काय होतं?"

"बाकी सगळ्यांची नावं मला पाठ आहेत, सुखदा. त्याला आजोबा 'तो' म्हणायचे."

काकांनी ठरवलं, फोटो अख्खा लावायचा आणि खाली खरी हकीकत लिहायची. मंडळाचे अध्यक्ष त्यांचेच थोरले भाऊ, विश्वासकाका. त्यांच्याकडे आम्ही दोघं गेलो.

"अरे, शंभर वर्षं होऊन गेली यार," विश्वासकाका म्हणाले. "आता कुणाला काय सिद्ध करायचंय?"

"दादा, फायनल पंचाने नाही घालवली. आजोबांनी घालवली."

"मंडळात सगळ्या जातीचे लोक येतात. काय वाटेल त्यांना?"

"येतात ना? मग त्यांना कळू दे."

"मोठा सुधारक झालास रे! रिटायरमेंट जवळ आली की होतं असं." ते माझ्याकडे वळले. "हिने भरवलं का डोक्यात?"

"तिने फक्त मोजलं," काका म्हणाले.

"हे बघ. फोटो होता तसा आण. पुठ्ठ्यासकट. नाहीतर आणूच नकोस."

काका उठले. चहा तसाच राहिला. खाली आल्यावर म्हणाले, "दादाचं बरोबर आहे. पुठ्ठा पाहिजेच. खिडकी मोठी कापतो."

शनिवारी ते गेले. रविवारी प्रदर्शनाऐवजी त्याच हॉलमध्ये शोकसभा झाली. विश्वासकाका खरोखर रडत होते. रडता रडता बोलत होते. "श्रीरंगचा आजोबांवर फार जीव. शेवटपर्यंत त्यांच्याच फोटोचं काम करत होता. काय संघ होता तो! गोऱ्या पंचाने दगा दिला नसता तर..." लोकांनी माना हलवल्या. मी काकांच्या बायकोकडे, सुरेखाकाकूंकडे पाहिलं. त्या चपलांकडे बघत होत्या. मी उठून बोलायला हवं होतं की नाही, मला अजून कळत नाही. उठले नाही एवढं खरं.

काल काकूंनी बोलावलं. "भावजी फोटो मागतायत. जुन्या पुठ्ठ्यात बसवून देणार म्हणाले. तू टेबल एकदा बघून घे. मला नाही हात लावायचा."

फोटो वर्तमानपत्राखाली झाकलेला होता. शेजारी नवा काळा पुठ्ठा, पट्टी, बोथट ब्लेड. पुठ्ठ्यातल्या खिडकीच्या तीन बाजू कापून झाल्या होत्या. उजवीकडे पेन्सिलची रेघ होती, गोलकीपरच्या खांद्याच्या बाहेरून आखलेली. तिच्यावर वरच्या टोकाला बोटभर चीर होती. पुढे कापलेलं नव्हतं.