बेचाळीस पायऱ्या

जन्ममृत्यूच्या नोंदी ठेवणाऱ्या बाईंना सगळं ऑफिस नोंदकाकू म्हणायचं. लहानपणीच्या तापात एक पाय लुळा पडला होता, पण काखेत कुबड्या आल्या की काकू कुणाला हार जात नसत. एके दिवशी तळमजल्यावरची त्यांची खोली मोठ्या साहेबांच्या केबिनसाठी गेली, काकूंचा विभाग दुसऱ्या मजल्यावर चढला आणि मागे शुक्लकाष्ठ लागलं. लिफ्ट नव्हती. पायऱ्या बेचाळीस.

अर्ज करकरून थकल्यावर काकू कोर्टात गेल्या आणि जिंकल्या. तीन महिन्यांत विभाग खाली आणा, असा हुकूम झाला. "सुटलीस गं ताई!" म्हणत धाकटी बहीण गळ्यात पडली.

तीन महिन्यांचे अकरा झाले तरी ऑफिस ढिम्म. फायलीवर एकच शेरा: 'कार्यवाही सुरू आहे.' अशात ओल्या पायरीवरून कुबडी सटकली आणि काकू सात पायऱ्या घसरत आल्या. मनगट टम्म सुजलं.

वकीलबाईंनी ते मनगट पाहिलं मात्र. "आता अवमान याचिका. हुकूम धाब्यावर का बसवला, ते साहेबांनीच येऊन सांगावं."

"साहेबांना तुरुंगात घालतील?" काकू घाबरल्या. "मला तिथंच नोकरी करायचीय हो. पाण्यात राहून माशाशी वैर कसं करू?"

"मासाच पाणी अडवून बसलाय, काकू. सही करा."

तारखेला साहेब जातीने हजर झाले. न्यायाधीशांनी चष्म्यावरून पाहिलं. "हुकमाचं काय झालं?"

"कार्यवाही चालू आहे."

"चालतात तर या बाईही, रोज बेचाळीस पायऱ्या. पण त्या पोचतात तरी."

कोर्टात खसखस पिकली. काकूंना मात्र हसू येईना. साहेबांच्या कपाळावरचा घाम त्यांना दिसत होता.

"शुक्रवारपर्यंत विभाग खाली आला नाही, तर शिक्षेवरच बोलू," न्यायाधीश म्हणाले.

अकरा महिने न जमलेलं काम दीड दिवसात उरकलं. शिपाईमामांनी कपाटं उतरवली, साहेबांनी आपली केबिन वर नेली. शुक्रवारी माफीनामा आला, याचिका निकाली निघाली. कोर्टाबाहेरच्या बाकावर काकूंनी असा श्वास सोडला की बहीण म्हणाली, "ताई, केव्हाचा कोंडून ठेवला होतास?" मग दोघी हसत सुटल्या, डोळे पुसत राहिल्या.

सोमवारी साहेब काकूंच्या खिडकीशी आले. "काकू, मनात काही ठेवू नका."

"ठेवलं असतं, तर अर्ज आला त्याच दिवशी तुमच्या नातीचा जन्मदाखला दिला असता का?"

साहेब ओशाळून हसले, बाजूला झाले. त्यांच्या मागे काठी टेकत एक म्हातारबाबा उभे होते.

"बायकोच्या मृत्यूचा दाखला हवाय. दोनदा आलो, जिना बघून परत गेलो."

"बसा बाबा," काकू खुर्ची पुढे सरकवत म्हणाल्या. "नाव सांगा त्यांचं."