आवाज माझा, तोंड तिचं

"मॅम, तुम्ही इकडे. फ्रेमच्या बाहेर."

असिस्टंटने लाल प्लॅस्टिकची खुर्ची दाखवली. मी साडी नेसून आले होते, केस घट्ट बांधून. मीरा रोडच्या एका स्टुडिओत प्लायवूडचं आगरी घर उभं केलं होतं. दारात उभी होती दुसरीच बाई. मोठी हिरॉइन. अंगावर लुगडं, चेहऱ्याला दोन शेड गडद मेकअप, एका कानात इअरफोन. प्रत्येक डायलॉग ती आधी कानात ऐकायची, मग बोलायची. तिसऱ्या टेकनंतर तिने इअरफोन काढून माझ्या शेजारच्या टेबलावर ठेवला. त्यातून बारीक आवाज येत होता.

माझा आवाज. माझं ऑडिशन.

मी कास्टिंगवाल्या मिहीरकडे बघितलं. तो हसत आला. "अगं, सांगायचंच राहिलं. तू आमची डायलेक्ट कोच. तुझ्यासारखी ऑथेंटिक माणसं मिळतात कुठे?"

तो मला अगं म्हणायचा. मी त्याला तुम्ही.

तीन वेळा त्याने माझ्याकडून ऑडिशनची टेप मागवली होती. पहिल्यांदा एक सीन. मग तोच सीन रडून. मग म्हणाला, सगळेच सीन करून पाठव, सरांना रेंज बघायचीये. मी घरात भिंतीला चादर लावून अख्खा रोल करून पाठवला. नंतर फोन आला, "तुला फायनल केलंय, सोमवारी सेटवर ये." कशासाठी फायनल केलंय, हे मी विचारलं नाही. आयुष्यभर माणसांवर संशय घेत आले आणि नेमकी त्या दिवशी आनंदात गाफील राहिले. आईने तोवर आमच्या अख्ख्या मुर्धा गावात सांगून टाकलं होतं, माझी पोर पिक्चरमधे हाय. आता तिला काय सांगू?

संशय माझ्यात कुठून आला तेही सांगते. मी भाईंदरजवळच्या मुर्ध्याची. आजोबा मिठागरात राबले. वडील वेल्डर, आधी आखातात गेले, मग कॅनडात, आणि मी नऊ वर्षांची असताना आम्हा दोघींना घेऊन गेले. तिथल्या शाळेत आठवड्यातून दोनदा मला वर्गातून उठवून एका छोट्या खोलीत न्यायचे. एक बाई आरसा समोर धरून माझी जीभ सरळ करायची. दोन वर्षांत केली सरळ. मग मी नाटकात गेले, आणि एकोणिसाव्या वर्षी टीव्हीवरचं पहिलं काम मिळालं. दुकानदाराची सून. डायरेक्टर म्हणाला, अ‍ॅक्सेंट दे. मी विचारलं, कुठला? तो म्हणाला, तुमचा असतो ना, तो. आमच्या घरात कुणी कधी बोललं नाही असं काहीतरी मी तोंड वेडंवाकडं करून बोलले. तो खूश झाला.

अकरा वर्षं तेच. सफाईवाली, सून, नर्स, विमानतळावर रडणारी बाई. एकदा नुसतं प्रेत. एका सिनेमात सात वाक्यं मिळाली, थिएटरात बसून मोजली तर तीन उरली होती. वडील वारले तेव्हा आई म्हणाली, मना घरी जायाचा हाय. आम्ही परत आलो, मुर्ध्याच्या तोंडाशी नव्या बिल्डिंगमधे फ्लॅट घेतला. मला वाटलं, इथे तरी कुणी माझ्या जिभेच्या मागे लागणार नाही. कसलं काय. मराठी सीरियलवाल्यांनी मला परदेशातून आलेली वहिनी करून ठेवली. मी नीट मराठी बोलायचे तर सांगायचे, "थोडी तोडून बोल ना, एनआरआय वाटत नाहीयेस."

आणि मग मिहीर. मी बोलले की कान टवकारून ऐकायचा. कारण माझ्याकडे एक गोष्ट होती जी मला स्वतःलाच ठाऊक नव्हती. मुर्ध्यातली आताची पोरं शाळेत, दुकानात, मित्रांत हिंदीच बोलतात. घरी बोललीच तर अर्धीमुर्धी. मी मात्र नवव्या वर्षी जी बोली घेऊन गेले ती तशीच राहिली, कारण तिकडे ती मी फक्त आईशी बोलत होते. आजीची बोली माझ्या तोंडात शाबूत होती. गाडीला गारी, पाण्याला पानी. मिहीरला मी नको होते, ते हवं होतं. हे मला त्या लाल खुर्चीत बसून कळलं.

आता खरं सांगते. मी उठून आले नाही. सहा दिवस त्या खुर्चीवर बसले. आईला तोंड दाखवायचं होतं म्हणून, आणि अजून कुठेतरी आशा होती म्हणून. दुसरा छोटा रोल देऊ, बघू, असं मिहीर म्हणाला होता ना. लाज वाटते सांगायला. हिरॉइन मला विचारायची, "न्हाय म्हणताना अजून नाकात घेऊ का?" ती गारी म्हणाली की अख्खं युनिट म्हणायचं, सो क्यूट. हाच शब्द माझ्या चुलत बहिणीच्या तोंडून भाईंदरच्या शाळेत निसटला होता, तेव्हा बाईंनी तिला उभं करून तो शब्द दहा वेळा सुधारून म्हणायला लावला होता. सगळा वर्ग हसला होता. त्यानंतर ती वर्गात तोंडच उघडायची नाही. आता ती तिच्या मुलांशी हिंदी बोलते. हिरॉइन क्यूट आणि आम्ही गावंढळ. माझं डोकं सणकलं होतं, पण मी पाणी प्यायले आणि तिला पुढचं वाक्य शिकवलं.

सातव्या दिवशी मिहीर स्वतः घरी आला. सिनेमात लग्न होतं आणि त्यांना धवला हवा होता. धवले म्हणजे लग्नविधीची गाणी, आमच्यात ती धवलारीण गाते. तिच्याशिवाय मांडवात पान हलत नाही. माझी आई धवलारीण. कॅनडात होती तेव्हाही फोनवरून भाचीच्या लग्नात गायली होती. धवल्यात ती देवांना बोलावते, मग घरातल्यांना, एकेकाचं नाव घेऊन. कुणाचं राहिलं तर ते माणूस वर्षभर रुसतं, म्हणून ती आधीच घरी जाऊन सगळी नावं पाठ करून येते.

मिहीर सोफ्यावर बसला, चहा घेतला, आईच्या पाया पडला. पाया पडला तेव्हाच माझी खात्री पटली की याच्या मनात काहीतरी काळंबेरं आहे. आई मात्र हरखली होती. लुगडं कुठलं नेसायचं ते तिने मनात ठरवूनही टाकलं होतं.

"मी दिसन ना रं गाताना?" तिने विचारलं.

मिहीर माझ्याकडे वळून इंग्रजीत म्हणाला, धवलारणीसाठी एक सीनियर अ‍ॅक्ट्रेस आधीच घेतलीये, आईंना तू समजावून सांग. मग मराठीत आईला म्हणाला, "मावशी, तुमचा आवाज जगभर जाईल." आणि कागद पुढे केला.

तिकडे अकरा वर्षांत एक शिकले, कागद शेवटापासून वाचायचा. वाचला. आवाज, बोली आणि गाणं कंपनीला कुठेही, कसंही, कायमचं वापरता येईल. श्रेय देणं बंधनकारक नाही. आईच्या नावाच्या जागी छापलं होतं, स्त्री लोकस्वर.

आईने पेन हातात घेतलं होतं. मी कागदावर हात ठेवला.

"आई, सही न्हाय करायची."

कुणी रेकॉर्ड करत नसताना, कुणाला शिकवायचं नसताना, सिनेमावाल्यांसमोर मी पहिल्यांदा माझ्या बोलीत बोलले.

मिहीर म्हणाला, "तू इमोशनल होतेयस. हे आपण तुमच्याच कम्युनिटीसाठी करतोय."

"मग कम्युनिटी दिसू दे पडद्यावर."

"आम्हाला दुसरी बाई मिळेल."

"शोधा. आणि उद्यापासून माझी खुर्ची पण उचला."

तो गेला. आई माझ्यावर भडकली. "गानं माजं हाय. तू कोन अरवनारी?" बरोबर होतं तिचं. वाचताना मी मोबाइलवर कागदाचा फोटो काढला होता, तो तिला दाखवला आणि एकेक ओळ आमच्या बोलीत सांगितली. स्त्री लोकस्वर म्हणजे काय तेही सांगितलं. ती एवढंच म्हणाली, "नाव पन न्हाय?" आणि आत जाऊन भांडी घासायला लागली. अजूनही ती माझ्याशी धड बोलत नाही. शेजारणी विचारतात, पिक्चर कवा येनार, तर ती माझ्याकडे बोट दाखवते.

दुसऱ्या दिवशी मी शेजारच्या राई आणि मोरवा गावांत गेले. आई सोडून, मुर्ध्यातल्या दोघी धरून चार धवलारणी आहेत, त्या चौघींच्या दारी कागद वाचून दाखवायला गेले. दोघींनी ऐकून घेतलं. एक म्हणाली, तुजा काय जातंय, तू फारीनवाली. चौथीने दारातूनच वाटेला लावलं. तिच्याकडे मिहीर जाईल, कदाचित ती गाईलही. सिनेमा येईल. माझ्या आवाजात ती हिरॉइन रडेल आणि बक्षीस घेताना म्हणेल, भाषेवर खूप मेहनत घेतली. घेऊ दे.

माझ्या टेप त्यांच्याकडे आहेत, त्या मला परत मिळणार नाहीत हे मला कळतं. पण आता नवीन टेप जात नाही. गेल्या महिन्यात दोन फोन आले, दोघांनाही माझी बोलीच हवी होती. मी एकच विचारलं, दिसणार कोण? दोघांनी फोन ठेवला. ठेवू देत. उत्तर मिळेपर्यंत मी तोंड उघडणार नाही.