मालिकेतलं माझं मरण

आमच्या शहराबाहेर एका भाड्याच्या बंगल्यात मालिकेचं शूटिंग चालायचं. मी त्यात सासू होते. चार वर्षं एक दिवस खाडा केला नाही, आणि एके सकाळी दिग्दर्शक मोबाईलमधून मान वर न करता म्हणाला, ‘‘ताई, पुढच्या आठवड्यात तुम्हाला मारतोय.’’ बंगल्याला रंग द्यायचाय, अशा आवाजात.

नाटकाच्या तालमीत सतरंज्या घालण्यापासून मी वर आले. फुकटात मरायची मला सवय नाही.

‘‘कशानं?’’ मी विचारलं.

‘‘कन्नडच्या घाटात जीप कोसळते.’’

‘‘अन् प्रेत?’’

‘‘सापडतं. मग फोटोला हार.’’

‘‘हार नाय घालायचा. जीप सापडू द्या, चप्पल सापडू द्या. मी नाय सापडणार.’’

तासभर घासाघीस झाली. त्याला निदान रक्तानं माखलेला पदर हवा होता. मी चपलेच्या पुढं सरकेना. शेवटी एका चपलेवर मिटलं आणि माझा फोटो बिनहाराचा भिंतीवर लागला. हार नाही म्हणजे आशा आहे, हे आपल्याकडं लहान पोरालाही कळतं. प्रेक्षक खवळले तर परतीची वाट मोकळी. शहागंजच्या बाजारात भाजीवाली म्हणायची, ‘‘मावशी, कुठं दडून बसलाव? तुमची सून लई माजलीय.’’ मी गालात हसायचे.

तीन महिन्यांनी एक सिनेमा चालून आला. तोवर सिनेमात मी कुणाची तरी आई, तीही दाराआड उभी. ही भूमिका सरपंचबाईची, पहिल्या दृश्यापासून शेवटापर्यंत. अशी भूमिका माझ्या वयाच्या बाईला दुसऱ्यांदा कुणी देत नाही. शूटिंग अजिंठ्याकडं, सोमवारपासून. मी होकार दिला आणि मालिकेच्या ऑफिसातून फोन आला. करारात कलम होतं: पात्र जिवंत आहे तोवर दुसरीकडं काम करता येणार नाही. आणि पात्र जिवंत ठेवलं होतं मीच, भांडून.

शनिवारी सकाळीच बंगला गाठला. दिग्दर्शकाला म्हटलं, ‘‘मला मारा.’’

‘‘आता कसं मारू, ताई? लोक वाट बघतायत. दिवाळीत तुम्हाला परत आणतोय.’’

‘‘माझा सिनेमा सोमवारी हाय.’’

‘‘प्रेत सापडायचं नाही, हे तुम्हीच ठरवलंत.’’

‘‘आता सापडलं. सोबतच आणलंय.’’

तो हसला, पण सोडेना. म्हणाला, मेल्यावर चारदा सुनेच्या स्वप्नात यावं लागेल. मी एकावर आणलं, तेही मुकं. दुपारी नाकात कापूस घालून चादरीखाली पडले. तीन महिन्यांनी सापडलेलं प्रेत इतकं ताजं कसं, हे मालिकेत कुणी विचारत नाही. सून रडायला लागली. नवा मोबाईल पाण्यात पडावा, तितपतच दुःख. तिसऱ्या रिटेकला मी उठून बसले.

‘‘बाई, चार वर्षं छळलंय मी तुला. दुःख जमत नसंल तर सुटल्यासारखी रड.’’

पोरगी अशी सुंदर रडली की काय सांगू. मला जरा रागच आला.

कापूस काढण्याआधी दिग्दर्शकाकडून ‘पात्र मृत’ असं सहीनिशी लिहून घेतलं. सोमवारी सकाळी सातला तो कागद सिनेमाच्या मॅनेजरपुढं ठेवला. त्यानं तो दोनदा वाचला.

‘‘वाईट झालं, मॅडम.’’

‘‘व्हय. मेकअप कुठं करायचा?’’