गाण्यांचा सिनेमा आणि बंद पडलेला प्लेअर

सई, ओजस — हे मुख्यतः तुमच्यासाठी लिहितेय. पण या सदरात इतके लोक आपले अद्भुत अनुभव लिहितात आणि मी रोज दुपारी ते वाचून नाक मुरडते, तेव्हा म्हटलं एकदा आपणही लिहावं… इतरांनाही नाक मुरडायची संधी मिळेल.

मी आयुष्यभर शाळेत इंग्रजी शिकवलं. अंगात येणं, दृष्ट लागणं, अमावास्या — यातलं काही मी घरात चालू दिलं नाही. तुमचे आजोबा गेल्यावर शेजारणी म्हणायच्या, "काकू, रातच्याला काही जाणवतं का?" मी म्हणायचे, डास जाणवतात. आजही माझं मत तेच आहे. फक्त एक शनिवार त्या मतात बसत नाही.

जागा आधी नीट सांगते. बीड जिल्ह्यातलं केज. एसटी स्टँडपासून चालत दहा मिनिटांवर आमची शिक्षक कॉलनी. घर साधं, स्लॅबचं. पुढे बैठकीची खोली, तिथे टीव्ही, त्याखाली डीव्हीडी प्लेअर. टीव्हीवर मी शिवलेलं कापडी आवरण. भिंतीतल्या कपाटात डिस्क, प्रत्येक आपल्या कव्हरात. डिस्क पाहून झाली की कव्हरात आणि कव्हर जागेवर — हा नियम सई चालायला लागली तेव्हापासूनचा.

ओजस, तुझा तेव्हा जन्म झाला नव्हता. तुझे आईबाबा ग्लासगोला नोकरी शोधत होते, बस्तान बसत नव्हतं, म्हणून सई माझ्याकडे होती. अगदी तान्ही असल्यापासून सात वर्षांची होईपर्यंत. तिच्यासाठी आजोबांनी हैदराबादहून एक सिनेमा आणला होता. जुना, हाताने काढलेल्या चित्रांचा. त्यात एक अशी गोष्ट नाही. पाच-सहा छोट्या गोष्टी, प्रत्येकीला तिचं गाणं किंवा नुसतं वाजवणं. आम्ही त्याला 'गाण्यांचा सिनेमा' म्हणायचो. सगळी गाणी इंग्रजीत आणि सईला इंग्रजीचा गंध नाही. मग ती रिमोट घेऊन पुढे बसायची, मी मागे खुर्चीत, आणि गाणं चालू असताना मी मराठीत सांगत जायचे.

त्यात हंसांचा एक बँड होता. त्यातला सगळ्यात जाडा हंस भलं मोठं पितळी वाद्य वाजवायचा आणि नेमका शेवटचा सूर चुकायचा. सई तेवढंच मागे घेऊन पुन्हा लावायची. एकदा, दोनदा, तीनदा. कॉलनीतल्या पोरांत खेळून तिची भाषा तशीच झाली होती. "आजी, ह्ये बदक लई येडं हाय!"

"हंस. आणि येडं नाही, वेडा."

"येडाच हाय पण."

आणि एक ढगाची गोष्ट. पियानोवर. एक छोटा ढग कळपातून चुकतो, वाऱ्याबरोबर भलत्याच देशात जातो आणि एका मोठ्या काळ्या डोंगराला अडकतो. तिथे पियानो अगदी हळू होतो. सईला ते बघवायचं नाही. ती चित्र थांबवायची, डोळ्यांवर हात ठेवायची आणि म्हणायची, "पुढचं तू सांग." मी सांगायचे — वारा येतो, ढगाला उचलतो, घरी आईजवळ नेऊन सोडतो. सिनेमातही तसंच आहे. एवढं ऐकलं की ती बोटांच्या फटीतून बघत पुन्हा चालू करायची.

मग श्रीकांत — तुमचे बाबा — तिला न्यायला आला. ते बरोबरच होतं. मुलाने आईबापाजवळच वाढावं, मीच त्याला सारखं म्हणत होते. निघायच्या दिवशी सकाळपर्यंत ती तो सिनेमा बघत होती. जीप दारात आली, सामान चढलं, ती गेली. मी टीव्हीवर आवरण घातलं आणि ते पुढे काढलंच नाही.

ग्लासगोला गेल्यावर सईने बोलणं बंद केलं. हट्ट नाही, रडणं नाही… बोलणंच नाही. शाळेत नाही, घरी नाही. फक्त माझा व्हिडिओ कॉल आला की स्क्रीनकडे बघत राहायची आणि कॉल संपला की रात्रभर झोपायची नाही. शाळेने तिला कुणा समुपदेशकाकडे पाठवलं. एका रविवारी श्रीकांत एकटाच कॉलवर आला.

"आई, तुला वाईट वाटेल."

"बोल की."

"थोडे दिवस तू फोन करू नकोस. त्या बाई म्हणतात, दोन घरांच्या मधे ती लटकून राहिलीय. मीच करत जाईन तुला, ती झोपल्यावर."

"बरं," मी म्हटलं. दुसरं काय म्हणणार? मी वचन दिलं आणि पाळलं. उन्हाळा होता. सकाळी पाण्याचा टँकर यायचा, भांडी भरून ठेवायची, मग दिवसभर काम असं नाहीच. चार माणसांची पोळी करायची सवय असलेल्या हाताने एकीची पोळी करणं फार अवघड असतं. दिवसदिवस मी तोंडातून शब्द काढायचे नाही. एकदा दूधवाल्याशी बोलायला गेले तर आवाज घोगरा आला आणि लक्षात आलं, की तिकडे ती गप्प आहे आणि इकडे मीही.

त्या शनिवारी दुपारी — चार वाजले असतील, बाहेर ऊन जळत होतं — मी उठून टीव्हीवरचं आवरण काढलं. का, ते सांगता येणार नाही. धुवायला टाकावं असा काहीसा विचार होता. मग वाटलं, डिस्क आतच असेल, निघायच्या गडबडीत सई कव्हरात ठेवायची विसरली असेल. मी टीव्ही लावला. प्लेअरचं बटण दाबलं. खुर्चीत बसले.

सिनेमा सुरू झाला.

यात मला काहीच विचित्र वाटलं नाही, हे मुद्दाम सांगते. चित्र स्वच्छ, आवाज स्वच्छ. पडदा उघडला, वाद्यं जुळवली जाऊ लागली, नेहमीसारखं. हंस आले. जाड्या हंसाने सूर चुकवला… आणि चित्र मागे गेलं. पुन्हा तोच सूर. पुन्हा मागे. तीनदा. रिमोट माझ्या हातात नव्हता, टीव्हीच्या कडेला उभा ठेवलेला मला समोर दिसत होता. मला वाटलं, डिस्कवर ओरखडा असेल, तिथे अडकत असेल. शिक्षकी डोकं, लगेच कारण शोधून मोकळं.

मग पियानो लागला. ढग निघाला, चुकला, डोंगराला अडकला. आणि चित्र थांबलं.

नेमकं तिथेच. ढगाच्या डोळ्यांत पाणी, मागे काळा डोंगर. पंखा फिरत होता, म्हणजे वीज होती. मी वाट पाहिली. चित्र पुढे जाईना. आणि मला… कसं लिहू… मला वाटलं, कुणीतरी माझ्यासाठी थांबलंय. पुढे जमिनीवर बसून, डोळ्यांवर हात ठेवून. खोलीत कुणी नव्हतं. मला काही दिसलं नाही, वास आला नाही, अंगावर काटा आला नाही. फक्त वर्गात प्रश्न विचारल्यावर पोरं उत्तराची वाट बघतात तेव्हा जशी शांतता असते, तशी होती.

मी बोलायला तोंड उघडलं. वारा येतो आणि ढगाला घरी नेतो, हेच म्हणायचं होतं. माझ्या जिभेवर होतं ते. घरी ये, पोरी. आवरण काढलंय, खोली तशीच आहे, ये. पण ते म्हणवेना. मी तसं म्हटलं तर सई तिकडे कधीच रुळायची नाही.

म्हणून मी दुसरंच सांगितलं. मोठ्याने, रिकाम्या खोलीत. "वारा काही आला नाही बरं का आज. ढगाने वाट बघितली, बघितली. मग आपला कमरेवर हात ठेवला आणि डोंगराला म्हणाला — ए डोंगऱ्या! सरक की बाजूला! का म्हून उभा राहिलास मधी? मला हितंच बरसायचं हाय!"

जन्मभर पोरांची भाषा सुधारणारी मी, आणि ढगाच्या तोंडी ही भाषा घातली. माझं मलाच हसू आलं. कितीतरी दिवसांनी मी मोठ्याने हसले.

चित्र पुढे सरकलं.

सिनेमा शेवटपर्यंत चालला. मी शेवटपर्यंत बोलत राहिले. संपल्यावर सवयीप्रमाणे डिस्क कव्हरात ठेवायला उठले. बटण दाबलं, ट्रे बाहेर आला.

ट्रे रिकामा होता.

मी आत वाकून पाहिलं. बोट घालून पाहिलं. कपाटातून कव्हर काढलं — तेही रिकामं. टीव्हीवर निळा पडदा होता, 'नो डिस्क' लिहिलेला. मी परत खुर्चीत बसले आणि ऊन उतरेपर्यंत तशीच बसून राहिले. घाबरले म्हणवत नाही. पण उठून स्वयंपाकघरात जायचा धीर झाला नाही, हेही खरं.

दिवेलागणीला श्रीकांतचा फोन आला. तिकडे दुपार.

"आई, तू सईला फोन केलास?"

"नाही रे."

"आई, खरं सांग. मी रागावणार नाही." रागावलेला होताच. "सकाळी तिच्या खोलीत गेलो. ती लॅपटॉप घेऊन बसली होती, तुझ्याकडचा तो सिनेमा लावून. डिस्क तिने येताना मोज्यात लपवून आणली होती, आम्हाला आजच कळलं. मी दारात उभा राहिलो तर माझ्याकडे बघून म्हणते काय, 'ए डोंगऱ्या, सरक की बाजूला!' इतक्या दिवसांनी पहिलं वाक्य, आई! मला हसावं का रडावं कळेना. कुठून आणलंस म्हटलं, तर म्हणाली, आत्ता आजीने सांगितलं. आजी मागे बसून सगळा सिनेमा सांगत होती."

माझ्या हातातला फोन मी दोन्ही हातांनी धरला.

"तेव्हापासून अखंड बोलतेय," तो म्हणाला. "पण तिच्या टॅबवर तुझा कॉल दिसत नाही. घरच्या लँडलाईनवर केला होतास का? सांग ना. कारण नसशील केला तर… त्या समुपदेशक बाईंनी विचारलं होतं, हिला आवाज वगैरे ऐकू येतात का म्हणून. मग मला हे सांगावं लागेल. मग डॉक्टर, तपासण्या… कुठे जाऊन थांबेल देव जाणे."

मागून सईचा आवाज येत होता. कुणालातरी हंसाबद्दल सांगत होती. येडं हाय म्हणत होती.

"हो," मी म्हटलं. "लँडलाईनवर केला. राहवलं नाही मला."

"वचन दिलं होतंस, आई."

"चुकलं माझं."

"नाही, म्हणजे… बरं झालं केलास. थांब, तिला देतो."

पुढचं सांगत नाही, ते आमच्या दोघींचं आहे.

सोमवारी मी प्लेअर सलीमच्या दुकानात नेला. तो माझा विद्यार्थी. उघडून बघितलं, फुंकर मारली, मान हलवली. "बाई, हे कवाचंच गेलंय. लेन्सच न्हाई चालू."

"शनिवारी चालला होता."

"कसा चालंल? डिस्क घातली तरी वाचायची न्हाई."

"डिस्क नव्हतीच आत."

त्याने माझ्याकडे बघितलं, मग प्लेअरकडे. "बाई, तुमी मला इंग्रजीत दोनदा नापास केलतं. आता ह्याच्यावर काही बोललो तर तिसऱ्यांदा करताल. चहा घ्या."

मी चहा घेतला.

यावर मी खूप विचार केला आहे. भास म्हणावं, एकटेपणाने डोकं फिरलं म्हणावं, तर त्या दुपारी मी पहिल्यांदाच म्हटलेलं वाक्य समुद्रापलीकडे सात वर्षांच्या मुलीच्या तोंडी कसं गेलं? योगायोग म्हणावं तर शब्द न् शब्द? सई मोठी झाल्यावर तिला एकदा विचारलं, तुला नक्की काय ऐकू आलं होतं. ती म्हणाली, "तू. दुसरं काय?" तिला त्यात काही नवल वाटत नाही. मला वाटतं. अजून वाटतं. भुताखेतांवर माझा विश्वास त्यानंतरही बसला नाही आणि दुसरं कुठलं कारण मला सापडलेलं नाही. कुणा वाचकाला सापडलं तर जरूर कळवावं, फक्त देवऋषीचा पत्ता पाठवू नये.

हे इतक्या वर्षांनी लिहायचं कारण एकच. मागच्या महिन्यात ओजसने फोनवर विचारलं, "आजी, बाबा म्हणतो तू आयुष्यात एकदाच शब्द मोडलास, खरं का?" मी हसून सोडून दिलं. पण नंतर झोप लागेना.

म्हणून सई, हे तू तुझ्या बाबाला वाचून दाखव. त्याला आता मराठी वाचायचा कंटाळा येतो, म्हणून तूच वाच, सावकाश वाच. आणि त्याला सांग… फोन मी केला नव्हता.