भुतं धुणारी ब्लुमा

ब्लुमा भुतं धुवायची. न्यूयॉर्कच्या आमच्या कार्टूनच्या कारखान्यात आम्ही मुली सेल्युलॉइडच्या पातळ, पारदर्शक पानांवर शाईनं चित्रं गिरवायचो आणि मागून रंग भरायचो. कॅमेऱ्याचं काम झालं की ती पानं ब्लुमाच्या टबात जायची, कोरी होऊन पुढच्या चित्रपटाला यायची. नवी पानं घेणं मालकाच्या जिवावर यायचं.

त्या वर्षी भुतांची चलती होती. चंद्र खोकायचा, सांगाडे स्वतःच्याच बरगड्या वाजवायचे. ब्लुमाची सहा वर्षांची गिटल टबापाशी बसून खिदळायची. आमच्या सॉल चित्रकारानं गंमत म्हणून चित्रपटात तिचंच भूत घातलं, कॉफीच्या किटलीतून डोकावणारं, पुढचे दात पडलेलं. पोरीनं टाळ्या पिटल्या.

महिन्याभरात ती घटसर्पानं गेली. घरात तिचा एकही फोटो नव्हता.

सात दिवसांचं सुतक संपवून ब्लुमा कामावर आली, तर टबाशी गठ्ठा तयार. पानापानावर गिटल.

सॉल धावत आला. "ब्लुमाबाई, मी आपलं हसवायला..."

"तू भूत केलंस म्हणून गेली का रे ती?"

तो मान खाली घालून आपल्या टेबलाकडे परतला. मला त्याचा रागही आला आणि कीवही.

मी मुकादमाला विनवलं, "एक पान राहू द्या तिच्याकडे."

"आज एक, उद्या गठ्ठा. धू म्हणावं तिला!" मेल्याला पोरंबाळं नसावीत.

ती धूत राहिली. शेवटचं पान मात्र तिनं पोलक्याच्या आत, छातीशी सरकवलं, कारण दारावर पिशव्या तपासायचे. जुलैचा उकाडा होता. आम्ही दोघी शेजारणी, चालतच घरी निघालो. तीच शाई रोज पाण्यानं सोडवणारी बाई, पण घामाचं तिच्या ध्यानातच आलं नाही. माझ्याही नाही.

घरी तिनं पान बाहेर काढलं. त्यावर नुसते फराटे होते. छातीवर मात्र एक डोळा आणि बोळकं तोंड काळंभोर उमटलं होतं. मला रडू आवरेना.

शुक्रवार होता, सूर्य मावळला की आम्हा ज्यूंचा शब्बाथ लागायचा. दिवे लावायच्या आधी तिनं अंग धुवावं म्हणून मी घंगाळ भरून आणलं.

तिनं पोलक्याची बटणं गळ्यापर्यंत लावली.

"ओतून दे ते पाणी," ती म्हणाली. "आज दिवसभर पोरीलाच धुतलंय मी."