लग्न मोडायला सुरतेला

सुरतेला जायचं माझ्या मनात कधीच नव्हतं. पण भाचीचा, ऋताचा फोन आला. "आत्या, भूषणच्या घरच्यांनी विचारलं, तुमच्याकडे या लग्नाला सगळ्यात जास्त विरोध कोणाचा? मी तुझं नाव दिलं."

"शाबास. मग?"

"मग तुलाच यायला लागेल. तू लग्नाच्या बाजूने बोलायचंस."

माझा भाऊ सुधीर, म्हणजे ऋताचा बाप, मुलीला नाही म्हणायची वेळ आली की त्याला पित्त होतं. तो म्हणाला, "तू जा. जमलं तर मोडूनच ये." या सूचनेसह मी नाशिकहून सकाळची बस धरली. ज्यांना जायचंय त्यांच्यासाठी सांगते: वणीपर्यंत काय ते खाऊन घ्या, पुढे सापुताऱ्याच्या घाटात पोटातलं पोटात राहील याची खात्री नाही. खिडकीची जागा मागून घ्या. घाट उतरल्यावर डांगचं जंगल फार सुंदर आहे, पण तोपर्यंत डोळे उघडे ठेवायची ताकद उरत नाही.

सुरतेच्या स्टँडवर ऋता आणि भूषण दोघं हजर. ऋता साड्यांच्या छपाईची डिझाइनं करते, भूषण भरतकामाची कॉम्प्युटरवाली मशीनं दुरुस्त करतो. रिक्षात बसल्याबसल्या मी विचारलं, "तुमचा तो पंथ म्हणजे आहे तरी काय?"

भूषण म्हणाला, "बाजूपंथ. खानदेशातून आमच्या पणजोबांबरोबर आला. एक साड्या रंगवणारे बाबा होते, त्यांनी सुरू केला. त्यांचं म्हणणं, घरात जितकी माणसं, सत्याला तितक्या बाजू. आणि एक जादा, जे आलंच नाही त्याची."

"त्यांचं काही लिहिलेलं आहे?"

"नाही. लिहिलं की एकच बाजू राहते, म्हणायचे."

सोयीस्कर! मी जन्मभर विमा कंपनीत दावे तपासले. लेखी काही नाही म्हणणाऱ्यांना मी चहासुद्धा विचारत नसे. त्याआधी कॉन्व्हेंटमध्ये तर सत्य एकच होतं आणि ते सिस्टरच्या फूटपट्टीच्या टोकाला असे. हिऱ्याला जसे पैलू वगैरे म्हणशील तर इथेच उतरेन, असंही मी त्याला बजावलं. तो म्हणाला, "नाही म्हणत. पण तुम्ही चुकताय, आत्या." आणि रिक्षाभर भांडला. आवाज न चढवता.

त्या संध्याकाळी त्यांनी मला लोचो खायला नेलं. नाव ऐकून घाबरू नका. ढोकळा करताना चुकला आणि तसाच विकायला ठेवला, असा पदार्थ आहे. वर लोणी, शेव, कांदा. गाडीवाला विचारतो, "बेन, तीखी चटणी नाखूं?" हो म्हणू नका. मी म्हणाले. डोळ्यांतून पाणी येत होतं तेव्हा समोर ऋता आणि भूषण कोणत्या भागात घर घ्यावं यावरून कडाकडा भांडत होते, गुजराती-हिंदी-मराठी सगळं मिसळून, आणि एकाच प्लेटमधून खात होते. थंडीत गेलात तर पोंकही खा. कोवळी भाजलेली ज्वारी, लिंबू, शेव. तिथे मला कुठलाच दोष काढता आला नाही.

दुसऱ्या दिवशी बैठक. नवागामला भूषणच्या घरी, मागांना सुट्टी असते त्या वारी. घर म्हणजे दोन खोल्या, खाली यंत्रमागांचा कारखाना. एरवी इथे कपबशा आपोआप सरकतात म्हणे. मागांच्या खडखडाटाने सगळ्यांचे कान गेलेले, त्यामुळे बंद असतानाही सगळे ओरडूनच बोलतात. अनेक बाजूंचा आदर करणारा पंथ, आणि प्रत्येक बाजू गल्लीच्या टोकापर्यंत ऐकू येते!

खोलीत सतरंजी आणि एकच प्लास्टिकची खुर्ची. माझे गुडघे दुखतात. मी खुर्चीत बसले. ऋता कुजबुजली, "आत्या, ती रिकामी ठेवतात. न आलेल्या बाजूसाठी."

पंथातले सगळ्यात म्हातारे, ज्यांना सगळे जिभाऊ म्हणतात, ते ओरडले, "बसू द्या त्यांना! इतक्या वर्षांत पहिल्यांदा आली ती बाजू!"

सगळे हसले. मी उठले नाही. उठले असते तर गुडघे वाजले असते.

रीत अशी: विरोधातल्याने बाजूने बोलायचं, बाजूच्याने विरोधात. याला परबाजू म्हणतात. आणि ज्याची बाजू आपण मांडतो, त्याने "ही माझी" म्हटल्याशिवाय सुटका नाही. त्यानंतर निर्णय मुलामुलीचा.

पहिली मी. म्हणाले, "मुलगा निर्व्यसनी आहे, कमावता आहे, स्वभावाने शांत आहे."

ऋता म्हणाली, "ही माझी नाही. हे बायोडेटात आहे."

"दोघांचं एकमेकांवर प्रेम आहे."

"आत्या, तू हे बिल भरल्यासारखं म्हणतेस."

मला संताप आला. मी म्हणाले, "ऐक तर मग. ही मुलगी माझ्यावर गेली आहे, भांडकुदळ. मी भांडले की पुरुष एकतर शरण यायचे किंवा पळायचे. दोन्ही प्रकारच्यांशी मी लग्न केलं नाही, आणि बरंच केलं. हा पोरगा दोन्ही करत नाही. बसून भांडतो, आणि भांडण अर्धं असताना स्वतःच्या बाजूची शेव तिच्याकडे सरकवतो. मला असा कोणी भेटला नाही. हिला भेटलाय."

ऋता सतरंजीवरून सरकत माझ्या खुर्चीजवळ आली. मग म्हणाली, "ही माझी."

मग भूषणची आई, लताबाई उठल्या. लग्न व्हावं म्हणून सगळ्यात जास्त धडपडल्या होत्या त्या. आल्यापासून मला खाऊपिऊ घालत होत्या. त्यांनी विरोधात बोलायचं होतं. आणि त्या एकट्याच हळू बोलल्या. सगळ्यांना पुढे वाकून ऐकावं लागलं.

"ह्या घरात पोर देऊ नका, आत्याबाई. ह्या खोलीत बाईला खिडकी नाही. खालून माग, वरून पत्रा. माझा मालक वाईट नाही, हात उचलत नाही, पीत नाही. पण तुला इथं ऱ्हायचं का, असं त्याने मला कधी विचारलं नाही. माहेरी निघाले तर परत कधी येणार ते आधी सांगायचं, मग पिशवी भरायची. पोरगा माझा गुणाचा, पण बापापुढे त्याचं तोंड उघडत नाही. तुमची पोर भांडते म्हणता. मी पण भांडायची."

त्यांचे मालक सतरंजीची दशी पिळत होते. "अवं," एवढंच ते म्हणाले. जिभाऊ म्हणाले, "तुम्ही उगा बसा. परबाजू चालू आहे."

मग सगळे माझ्याकडे वळले. हे सगळं मीच बोलायला आले होते, फक्त मला त्यातलं निम्मंही माहीत नव्हतं. "ही माझी," मी म्हणाले.

ऋताने भूषणकडे पाहिलं. भूषणने वडिलांकडे पाहिलं, आणि बोलला. आवाज फाटला, पण बोलला. "बाबा, लग्न करायचं आहे. पण आम्ही इथे राहणार नाही."

ऋता म्हणाली, "माझंही तेच."

कोणी टाळ्या वाजवल्या नाहीत. चहा आला.

स्वयंपाकघरात मी लताबाईंना गाठलं. "ते खरं होतं का?"

त्या कप विसळत राहिल्या. "असं इचारत नाहीत आमच्यात, आत्याबाई. परबाजूला जे बोललं ते तिथंच. नाहीतर बोलेल कोण?"

एक आख्खा पंथ उभा केला, आणि खरं काय ते विचारायचीच बंदी! परतीच्या बसमध्ये सापुताऱ्यापर्यंत मी मनातल्या मनात भांडत होते. सुधीरने घरी आल्याआल्या विचारलं, "मोडलं का?" मी म्हटलं, "नाही. जोडूनही आले नाही. तू गप्प बस." त्या लोकांची शिस्त मला अजून पटलेली नाही. दाव्यांच्या फायलीत ती एक दिवस टिकली नसती. पण हल्ली कुणाशी कडाक्याचं भांडण झालं की मी मध्येच थांबते, त्याच्या तोंडचं काय ते स्वतः म्हणून बघते, आणि ते माझ्यापेक्षा बरं निघालं की मला दिवसभर राग येतो.

लग्न झालं. दोघांनी कतारगामला भाड्याने घर घेतलं, खिडकीचं. परवा ऋताचा फोन आला. म्हणाली, भूषणच्या आई भांडी लावून द्यायला म्हणून चार दिवस आल्या होत्या, त्याला आता दोन महिने होत आले. बाबा रविवारी जेवायला येतात आणि एकटे परत जातात.

"वेगळी राहिलीस ती सासूसकट!" मी म्हटलं. "परत कधी जाणार त्या?"

फोन स्पीकरवर होता. मागून लताबाईंचा आवाज आला. "आत्याबाईंना सांग, घारी पाठवते, इथली मावा-तुपाची मिठाई. फ्रीजमध्ये ठेवू नका म्हणावं."