फक्कीवाले साहेब

भर उन्हात एक सत्तरीचा फ्रेंच आर्किटेक्ट मैदान आखायच्या पांढऱ्या फक्कीची बादली घेऊन माळावर पळतोय आणि मागून अख्खं गाव ओरडतंय, "साहेब, तिथी नाई! तिथी बोरीचं झाड हाय!" हे मी डोळ्यांनी पाहिलंय, आणि आजही आठवलं की अंगात उत्साह संचारतो.

ताडोब्यातलं एक गाव जंगलाबाहेर, भद्रावतीकडच्या माळावर वसवायचं होतं. वरून आलेल्या नकाशात घरं शाळेच्या प्रार्थनेला उभी केल्यासारखी ओळीने, आणि कुणाला कुठलं घर हे चिठ्ठ्या टाकून ठरणार. साहेबांनी त्यांच्या देशात अख्खी शहरं आखली होती. इथे एका संस्थेने त्यांना सल्ल्याला बोलावलं होतं. मी चंद्रपूरची, सिव्हिलचा डिप्लोमा झालेली, त्यांची दुभाषी. दुभाषी कसली! थोड्याच दिवसांत ते माझ्यापेक्षा झोकात इथली झाडीबोली बोलू लागले.

गावातल्या ताराबाई मात्र हटून बसल्या. जन्मभर त्यांचं आणि शेजारच्या रुखमाबाईचं अंगण एकच. "रुखमा त्या टोकाले अन् मी या टोकाले? मी नाई येत. वाघानं खाल्लं तरी चालते!" त्यांचं बघून आणखी घरं अडली.

"बाई बराबर बोलून राह्यली," साहेब म्हणाले आणि थेट मोठ्या अधिकाऱ्यांना भेटले. ठरलं असं: साहेबांनी नवी आखणी करायची, अधिकारी माळावर पाहणीला येतील. पटलं तर ठीक, नाहीतर चिठ्ठ्या.

झालं, साहेबांना चेव आला. खऱ्या मापाची घरं त्यांनी फक्कीने जमिनीवर आखली आणि लोकांना त्यांत दिवसभर राहायला लावलं. "कागदावर कोणी राहून राह्यला का? आधी राहून पाहा, मंग बांधू!" बायकांनी चुली मांडल्या. एक आजोबा सवयीने भिंतीला टेकायला गेले आणि सपशेल उताणे पडले. मी रेषा ओलांडून गेले तर साहेब माझ्यावरच खेकसले, "दारातून ये, पोरी! भिंत हाय ना!"

संध्याकाळी गुरं परतली आणि सगळ्या रेषा तुडवत निघून गेली. मी कपाळावर हात मारला. साहेब मात्र टाळ्या पिटत नाचायला लागले, "रस्ता भेटला! रस्ता भेटला!" गुरांना वाट ठेवायचंच ते विसरले होते. खुरांच्या त्या पट्ट्यावर गावचा रस्ता आला, घरं त्याच्या कडेने सरकली, आणि ताराबाई-रुखमाबाईंचं अंगण पुन्हा एक झालं. साहेबांइतका हौशी माणूस मी दुसरा पाहिला नाही.

पाहणीच्या दिवशी अधिकारी नकाशा बघत बघत रेषांवरून चालत आले आणि थांबले. "इथे कोण राहणार?"

ताराबाई चुलीपासून उठल्या. पदर सावरून म्हणाल्या, "साहेब, आधी बूट काढा. घरात आले तुमी."

अधिकाऱ्यांनी पायाखाली पाहिलं, चुलीकडे पाहिलं, पलीकडे अंगण सारवणाऱ्या रुखमाबाईकडे पाहिलं. मग खाली वाकून ते बुटांची नाडी सोडायला लागले. गाव असं ओरडलं म्हणून सांगू! चिठ्ठ्या पडल्याच नाहीत. आमचे फक्कीवाले साहेब मात्र आमच्याकडे पाठ करून डोळे पुसत होते.

पावसाळ्याआधी ते मायदेशी गेले आणि तिकडेच वारले. घरं नंतर उभी राहिली. साहेब वारल्याची बातमी कळली तेव्हा ती सांगायला मी ताराबाईंच्या घरी गेले आणि त्यांच्या नव्या भिंतींकडे बघून मला रडू फुटलं. "बाई, साहेबांना हे घर पाहायलाच मिळालं नाही हो."

ताराबाईंनी मला जवळ घेतलं. "काऊन नाई? सगळ्यात आधी त्यायनंच तर पाह्यलं."